हळदीच्या दिवसांतले सात सामने

लोणंदहून आलेली सकाळची गाडी भिलवडी सोडून नांद्र्याकडे निघाली, की फेब्रुवारीत खिडकीतून एक वास आत येतो. शिजलेल्या हळदीचा. ओल्या मातीसारखा, थोडा कडवट, घशाशी रेंगाळणारा. रुळांलगतच्या शेतांतून वाफ वर जात असते, डोक्याला फडकी बांधलेल्या बाया गरम हळद उन्हात पसरत असतात. डब्यातली माणसं मोबाइलमधून मान वर काढत नाहीत. मी डावा पाय हळूच सीटखालून काढते, सरळ करते आणि गुडघ्यावर हात ठेवून बसते. हा वास आला की तो दुखतो असं नाही. तो दुखायचा तेव्हा दुखतो. पण या दिवसांत मला त्याची आठवण येते, जवळच्या माणसाची यावी तशी.

मी लोणंदच्या एका शाळेत खेळ शिकवते. त्याआधी मी बास्केटबॉल खेळायचे. पोट त्यावरच चालायचं, तेही पोर्तुगालमध्ये, नदीकाठच्या एका लहानशा गावाच्या क्लबकडून. मी गार्ड होते. बास्केटबॉल न बघितलेल्यांना मी सांगते, की गार्ड म्हणजे संघातली बुटकी खेळाडू. बॉल मागून पुढे तीच आणते, कोण कुठे उभं आहे ते तिनेच बघायचं आणि ज्याला द्यायचा त्याला तिनेच द्यायचा. टोपलीजवळच्या उंच मुलींचे फोटो छापून येतात. गार्डला घसा बसेपर्यंत ओरडायचं असतं आणि सगळ्यांच्या मनातलं आधी ओळखायचं असतं. मला ते जमायचं. मैदानावर माझ्या मागे काय चाललंय तेही मला कळायचं. म्हणून तर हे सगळं लिहिताना अजून लाज वाटते.

आमचं गाव आटपाडीच्या पुढं, जिथे पाऊस येतो-येतो म्हणतो आणि डोंगरापलीकडे पडतो. माझ्या वडिलांची, अण्णांची, मेंढरं होती. दिवाळी झाली की अण्णा आणि चुलते कळप घेऊन पश्चिमेकडे चालू लागायचे, ते थेट पावसाळ्याच्या तोंडावर परतायचे. मी अकरा वर्षांची असताना शाळेच्या स्पर्धेसाठी सांगलीला आले होते, धावायला. धावून झाल्यावर चप्पल शोधत बास्केटबॉलच्या मैदानात शिरले आणि तिथे घरंगळत आलेला बॉल उचलून उभी राहिले. पांढरा टी-शर्ट घातलेले, शिट्टी गळ्यात अडकवलेले एक गृहस्थ म्हणाले, "दे इकडे." मी दिला. त्यांनी परत टाकला. मी परत दिला. पाच-सहा वेळा असं झालं. मग त्यांनी माझं नाव विचारलं.

ते सर. त्यांचं नाव इथे लिहिणार नाही, कारण सांगलीत ते सगळ्यांना माहीत आहे आणि मला त्यांची बदनामी करायची नाही. मला जे झालं ते फक्त सांगायचं आहे.

त्याच आठवड्यात सर आमच्या गावी आले. एसटीनं आले, फाट्यावरून दोन कोस चालत. आईनं घोंगडं अंथरलं, चहा केला. सरांनी सांगितलं, पोरगी सांगलीत विश्रामबागेला माझ्या घरी राहील, शाळेत जाईल, खेळेल. अण्णा कळपाबरोबर होते, त्यामुळे निर्णय आईनंच घेतला.

"आवं सर, पोरगी तुमच्या पदरात घातली बगा," आई म्हणाली. "चुकली तर दोन रट्टं द्या. पन उपाशी ठेवू नगा."

"तुमच्याकडं होती त्यापेक्षा बरी ठेवीन," सर म्हणाले. ते खरं होतं. सहा वर्षं त्यांनी मला तशी ठेवली. सरांना मूलबाळ नव्हतं. काकूंनी, म्हणजे सरांच्या पत्नींनी, माझ्या केसांतल्या उवा काढल्या, पहिल्या पाळीच्या वेळी त्याच माझ्याजवळ बसल्या, माझ्या ताटात नेहमी शेवटची पोळी गरम पडेल असं बघितलं. सर पहाटे पाचला उठवायचे. मी उंची वाढत नाही म्हणून एकदा रडले, तेव्हा ते म्हणाले, "सारिका, बॉल जमिनीवर आपटतो की आभाळावर? तू जमिनीच्या जवळ आहेस. ते तुझं भांडवल." पुढे राज्याच्या संघात, मग देशाच्या शिबिरात, सगळीकडे मी हे वाक्य घेऊन गेले.

पोर्तुगालचं सरांनीच जमवलं. माझे सामन्यांचे व्हिडिओ कापून, जोडून दोन वर्षं ते क्लबांना पाठवत होते. करारात खेळाडूचा प्रतिनिधी म्हणून त्यांचं नाव होतं. सगळा पत्रव्यवहार त्यांच्याकडे. मला इंग्रजी जेमतेम येत होतं, आणि पोर्तुगीज येण्याचा प्रश्नच नव्हता.

पण गंमत अशी, की तिथे गेल्यावर पहिल्याच आठवड्यात मला वाटायला लागलं, आपल्याला ही भाषा येते. संघाची कप्तान इनेश नावाची मुलगी होती, सहा फुटांची, हसली की खांदे हलायचे. आम्ही एका घरात राहायचो. तिने मला घर दाखवताना किल्ली पुढे केली आणि म्हणाली, शाव. मी म्हटलं, चावी? मग न्हाणीघरात साबण दाखवला, साबाँव. बटाटा तर बटाटाच निघाला. बादली म्हणजे बाल्द. बेकरीतल्या बाईकडे पाव मागितला तर तिला तो कळला. मी इनेशला सांगितलं, आमच्या घरात तुमचे शब्द चारशे वर्षं राहतायत. ती इतकी हसली की खुर्चीवरून पडता पडता राहिली. त्या गावात सतत पाऊस पडायचा, काळ्या दगडांची घरं ओली चमकायची, कोपऱ्यावर एक म्हातारा चेस्टनट भाजायचा, आणि मी चावी खिशात घालून, पाव बगलेत मारून चालत घरी यायचे. घरच्या घरी असल्यासारखी. घरातले सगळे शब्द मला कळत होते. जे पुढे लागणार होते ते शब्द मात्र घरातले नव्हते.

जानेवारीत एका सामन्यात उडी मारून खाली आले आणि डावा पाय जिथे पडला तिथेच राहिला. वरचं अंग वळलं, पाय नाही. आतून एक बारीक आवाज आला. सूज चढली. दोन दिवसांनी क्लबने यंत्रात घालून गुडघ्याचे फोटो काढले. डॉक्टरांनी प्रशिक्षकांना काहीतरी सांगितलं, प्रशिक्षक माझ्याकडे बघून म्हणाले, रिपोर्ट तुझ्या सरांना पाठवलाय, त्यांच्याशी बोल, मग ठरवू. नियम तसाच होता, रिपोर्ट प्रतिनिधीकडे जायचा.

दुसऱ्या दिवशी तिथल्या सकाळी सरांचा फोन आला. मी पलंगावर बर्फाची पिशवी घेऊन बसले होते.

"सर, काय आहे?"

"बघितला रिपोर्ट. डॉक्टर मित्रालाही दाखवला."

"आणि?"

"मुका मार आहे गं. सूज उतरेल. पट्टी बांधून खेळ."

"दुखतंय सर. वळताना पाय सुटल्यासारखा वाटतो."

"दुखणारच. तू काय पहिल्यांदा पडलीस? किती सामने राहिलेत?"

"सात."

"सात म्हणजे काय आहेत. कुणाला सांगत बसू नको दुखतंय म्हणून. परदेशात लोक लगेच दुसरी शोधतात."

क्लबने एक कागद पुढे केला. सर म्हणाले, सही कर, औपचारिकता असते. मी सही केली, मराठीत, शाळेत करायचे तशी.

आणि मग ते सात सामने झाले.

खरं सांगते, माझ्या आयुष्यात मी इतकी चांगली कधी खेळले नव्हते. पायाचा भरवसा नव्हता म्हणून मी धावणं कमी केलं आणि बघणं वाढवलं. बॉल हातात आला की सगळं संथ व्हायचं. इनेश कधी वळणार ते तिच्या आधी मला कळायचं. आम्ही सातातले पाच जिंकलो. गावातलं ते छोटं सभागृह भरायला लागलं. बेकरीतली बाई एकदा पाव देताना पैसे घेईना. तिने स्वतःच्या छातीवर मूठ ठेवली आणि एक शब्द म्हणाली, कोराजें. मी हसले. मला वाटलं, शुभेच्छा देतेय. सामन्याआधी मी मैदानात उतरले की लोक उभे राहून टाळ्या वाजवायचे, बाकीच्यांना नाही, फक्त मला. तिथल्या वर्तमानपत्रात माझा फोटो आला, पट्टी बांधलेल्या पायासह. मी इनेशला विचारलं, काय लिहिलंय? ती म्हणाली, तू किती शूर आहेस ते. मी ते कात्रण पलंगाच्या वर भिंतीवर चिकटवलं आणि त्याचा फोटो काढून सरांना पाठवला. सरांनी लगेच उत्तर दिलं, "अभिमान वाटतो."

एकदा पट्टी बांधताना इनेशने विचारलं होतं, "तुला भीती नाही वाटत?"

"कशाची? सरांनी सांगितलंय खेळ म्हणून."

मग तिने पट्टीचं टोक घट्ट दाबलं आणि माझ्या डोक्यावर हात ठेवला.

मला लोक आता विचारतात, तुझ्याकडे फोन नव्हता का, त्या कात्रणावर धरला असता तर भाषांतर झालं असतं. झालं असतं. दहा सेकंदांचं काम होतं. पण आपण कधी आईनं दिलेली भाकरी तपासून बघतो का? शंका यायलासुद्धा मनात एक रिकामी जागा लागते. सरांच्या बाबतीत माझ्या मनात ती नव्हती. काकूंनी गरम पोळ्यांनी आणि सरांनी पहाटेच्या शिट्ट्यांनी ती सहा वर्षांत भरून टाकली होती.

सातव्या सामन्यात, तिसऱ्या सत्रात, माझ्या जवळ कुणीही नसताना पाय गेला. मी मोकळ्या मैदानात, बॉल हातात घेऊन, उभी होते तशीच खाली बसले. ओरडलेसुद्धा नाही. इनेश धावत आली आणि रडायला लागली. तिला काय झालं ते लगेच कळलं होतं. मला नव्हतं कळलं.

मार्चमध्ये परत आले. पुण्याच्या विमानतळावर सर स्वतः चाकाची खुर्ची घेऊन उभे होते. मला बघून त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. ते पाणी खोटं नव्हतं, हे मी आजही शपथेवर सांगेन. आणि त्याचाच जास्त त्रास होतो. खोटं असतं तर सोपं झालं असतं.

शस्त्रक्रिया मिरजेला ठरली. आमच्याकडे हाडाचं काही झालं की माणसं मिरजेलाच जातात. डॉक्टर माझ्यासारख्याच बुटक्या, चष्मेवाल्या बाई होत्या. मी तिथून आणलेल्या गुडघ्याच्या फोटोंच्या दोन्ही सीडी, जानेवारीतली आणि सातव्या सामन्यानंतरची, त्यांना दिल्या. सर खाली चहा आणायला गेले होते. डॉक्टरांनी पडद्यावर दोन चित्रं शेजारी शेजारी लावली.

"ही जानेवारीतली ना?"

"हो. तेव्हा मुका मार होता."

"कोण म्हणालं मुका मार?" त्यांनी पडद्यावर पेनाचं टोक टेकवलं. "हे बघ. लिगामेंट तेव्हाच अर्ध्याहून जास्त फाटलं होतं. हे मी काय, शिकाऊ डॉक्टरही ओळखेल. आणि ही मार्चमधली. आता ते पूर्ण तुटलंय, शिवाय सांध्यातली गादी फाटलीय. मध्ये काय केलंस तू?"

"सात सामने खेळले."

त्यांनी चष्मा काढला. "तेव्हा थांबली असतीस तर गादी तरी वाचली असती गं."

तेवढ्यात सर कागदी कपांत चहा घेऊन आले. "काय म्हणतात डॉक्टर?" त्यांनी विचारलं. डॉक्टर माझ्याकडे बघत होत्या. मी कप हातात घेतला आणि म्हटलं, "करायचंय म्हणतात ऑपरेशन."

मला तेव्हाही सरांवर संशय आला नाही. मला वाटलं, क्लबने फसवलं. परक्या देशातली माणसं, परकी भाषा, माझ्याकडून खेळून घेतलं आणि सरांना खोटा रिपोर्ट पाठवला. त्या रागात मी दुपारी इनेशला फोन लावला, मोडक्या इंग्रजीत तिच्यावर ओरडले. तिने सगळं ऐकून घेतलं. मग ती अगदी हळू बोलायला लागली, लहान मुलाला रस्ता सांगावा तशी.

"सारिका, तो रिपोर्ट इंग्रजीत मी केला. तुझ्या सरांसाठी. क्लबनेच मला सांगितलं होतं. फाटलंय असं मी स्वतः लिहिलं. त्यांनी दुसऱ्या दिवशी उत्तर दिलं, ती खेळेल."

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"तू सही केलीस त्या कागदावर हेच लिहिलं होतं, की तुला माहीत आहे. पेपरमध्येही तेच आलं होतं. फाटलेल्या पायाने खेळणारी मुलगी. तू ते भिंतीवर लावलंस, सारिका. आम्हाला वाटलं, तुला माहीत आहे. सगळ्या गावाला वाटलं."

ती बेकरीतली बाई. ते उभं राहून टाळ्या वाजवणारं सभागृह. कोराजें म्हणजे धैर्य, हे मी नंतर शोधून काढलं. मी न घेतलेल्या निर्णयासाठी एक अख्खं गाव माझं कौतुक करत होतं आणि मी दोन्ही हात हलवून ते स्वीकारत होते. फसवणूक झाली की माणसाचं काहीतरी जातं, असं आपण म्हणतो. माझं जे गेलं ते नंतरचं खेळणं, ते तर गेलंच. पण त्याहून वाईट म्हणजे आधीचंही गेलं. ते सात सामने मी कितीदा आठवून बघते. पास तोच, टाळी तीच, इनेशचं वळणं तेच. पण आत मी नाही. माझ्या जागी सरांनी पाठवलेली कुणी एक मुलगी खेळतेय.

ऑपरेशन झालं. चौथ्या दिवशी दुपारी सर पलंगाशेजारी बसून मोसंबी सोलत होते. साल एकसंध निघावी म्हणून ते फार जपून सोलतात.

"सर, जानेवारीचा रिपोर्ट तुम्ही वाचला होता?"

त्यांचा हात थांबला नाही. "वाचला होता."

"त्यात काय लिहिलं होतं?"

"तुला कळलंय म्हणूनच विचारतेस ना?"

"मला सांगितलं का नाहीत?"

"सांगितलं असतं तर तू थांबली असतीस."

"हो. थांबले असते."

"म्हणून नाही सांगितलं."

त्यांनी मोसंबीच्या फोडी माझ्या ताटलीत ठेवल्या. मग बोलले. क्लबने त्यांना शब्द दिला होता, ही मुलगी शेवटपर्यंत टिकली तर पुढच्या वर्षी तुमच्याकडच्या आणखी दोघींना घेऊ. दोन मुली. एक जतची, एक कुपवाडची. दोघींच्या घरी लग्नाचं बघायला लागले होते.

"गुडघा नीट होतो गं आजकाल," सर म्हणाले. "दार एकदा बंद झालं की उघडत नाही. तुझ्या एका पायावर दोन पोरींचं आयुष्य उभं राहणार होतं."

"पाय माझा होता, सर."

"तू पण माझीच होतीस की."

त्या वर्षी क्लबचे प्रशिक्षक बदलले आणि त्या दोघींना कुणी बोलावलं नाही. हेही मी सरांना कधी बोलून दाखवलं नाही. त्यांना ते ठाऊक होतंच.

अण्णा कळप चुलत्यांवर सोपवून मला गावी न्यायला आले. वाटेत, कवठेमहांकाळला गाडी थांबली तेव्हा मी त्यांना सगळं सांगितलं. ते चिडले नाहीत. अण्णा चिडत नाहीत.

"मेंढरू लंगडाया लागलं तर आमी त्येला चालवत न्हाई," ते म्हणाले. "खांद्यावर घेतो. दोन दोन गावं. कळप मागं राह्यला तरी चालतंय." मग थोड्या वेळानं, "मास्तर शिकल्याला मानूस हाय. त्येला ह्ये कसं ठावं न्हाई?"

गुडघा वाकायला वर्ष गेलं. जिना चढता यायला लागला, पळताही येतं, पण वळता येत नाही. गार्डला वळता आलं नाही तर ती गार्ड नाही. लोणंदला नोकरी लागली. मुलींना बॉल कसा द्यायचा ते मी उभ्या जागेवरून शिकवते.

सरांकडे गेले नाही. तीन वर्षं. पण काकूंना भेटत राहिले. दुपारी, सर मैदानावर असताना. सांगलीला काही काम निघालं की अलीकडच्या माधवनगर स्टेशनावरूनच फोन करायचा, "काकू, आलेच," आणि मागच्या दारानं जायचं. काकू हळदीच्या दिवसांत वर्षाची हळद भरून ठेवतात, त्या वेळी तर हटकून. आम्ही दोघी गच्चीवर बसून हळकुंडं निवडायचो. त्या कधी सरांचा विषय काढत नसत. मीही नाही. मला वाटायचं, त्या घरातलं सरांचं अर्धं माझ्या हातून गेलं, पण काकूंचं अर्धं राहिलं. एवढ्यावर माणूस जगू शकतो.

गेल्या आठवड्यात सरांच्या मैदानावर निरोपाचा कार्यक्रम होता. तेजश्री म्हणून कोरेगावकडची मुलगी, ऊसवाल्या घरातली, वडील फौजेतून सुभेदार होऊन आलेले. तिला दुसऱ्या एका देशातल्या क्लबने घेतलंय. गार्ड म्हणूनच. तिनेच मला फोन केला, "ताई, तुम्ही यायलाच पाहिजे." सरांनी बोलावलेलं नव्हतं. मी जावं की नाही यावर दोन दिवस काढले आणि गेले. मला फक्त त्या मुलीला बघायचं होतं.

मैदानाच्या कडेला खुर्च्या मांडल्या होत्या. दुपारचे चार वाजले होते. पन्नासेक माणसं असतील. सरांनी मला बघितलं, क्षणभर थांबले, आणि मग हात करून पुढच्या रांगेत बोलावलं. केस पूर्ण पांढरे झालेत. बोलायला उभे राहिले तेव्हा आवाज मात्र तोच.

"तेजू, तू जातेस तिथे तुला घरची आठवण येईल, दुखेल, खुपेल," ते म्हणाले. "तेव्हा हिला आठव. ही सारिका. माझी पहिली मुलगी. हिने लिगामेंट फाटलेल्या पायाने सात सामने काढले. सात! त्या गावात लोक उठून उभे राहायचे. हिंमत शिकायची तर हिच्याकडून शिका."

टाळ्या वाजल्या. मुली मागे वळून माझ्याकडे बघायला लागल्या. मला वाटतं, सरांचा आता खरोखर तसा विश्वास बसलाय. तीन वर्षं ही गोष्ट मुलींना सांगून सांगून तिच्यातून ते स्वतः निघून गेलेत. फक्त मी उरलेय, शूर.

तेजश्रीनं माइक माझ्या हातात दिला. "ताई, दोन शब्द."

मी काही ठरवून गेले नव्हते. "सरांनी सांगितलं त्यात एक गोष्ट राहिली," मी म्हटलं. माझाच आवाज मला भोंग्यातून उशिरा ऐकू येत होता. "माझं लिगामेंट फाटलंय हे मला माहीत नव्हतं. रिपोर्ट सरांकडे आला होता. त्यांनी मला मुका मार सांगितला. माहीत असतं तर मी खेळले नसते. हिंमत वगैरे काही नाही."

पलीकडच्या अर्ध्या मैदानात कुणीतरी बॉल आपटत होतं, तेही थांबलं. तेजश्रीचे वडील उठले. ताठ, मिशा पिळलेल्या. सरांसमोर जाऊन उभे राहिले.

"सर, ह्या ताई म्हणत्यात ते खरं हाय का?"

सर खुर्चीच्या पाठीला धरून उभे होते. ते सहज खोटं आहे म्हणू शकले असते. पन्नास माणसांत माझ्यापेक्षा त्यांच्यावर विश्वास ठेवणारे पंचेचाळीस होते.

"खरं आहे," सर म्हणाले.

"आमच्यात रिपोर्ट आदी जवानाला दावत्यात, मग साहेबाला," सुभेदार म्हणाले. "पोरीचं कागद पोरीकडं द्या. बाकी तुमी तिला शिकवलं, त्यो मान तुमचा ऱ्हाईल."

सरांनी टेबलावरची तेजश्रीच्या कागदांची फाइल उचलली आणि तिला दिली. दोन्ही हातांनी. ती घेताना ती मुलगी रडत होती, आणि का ते तिलाही सांगता आलं नसतं. माझ्याकडे सरांनी बघितलं नाही. मी समजत होते की या क्षणी मला मोकळं वाटेल. वाटलं नाही. आपण एका म्हाताऱ्या माणसाला भर उन्हात उभं केलंय, एवढंच वाटलं.

मी मागच्या बाजूला नळावर गेले, तोंडावर पाणी मारलं. काकू माझ्यामागून आल्या. पदरानं माझं तोंड पुसलं, लहानपणी पुसायच्या तसंच, जरा जोरात.

"असं चारचौघांत नको होतंस बोलायला," त्या म्हणाल्या. "ते आतून खचलेत गं. मी त्यांना तेव्हाच म्हटलं होतं, पोरीला सांगा. ऐकतात का कुणाचं."

मी त्यांच्याकडे बघितलं. "तेव्हाच म्हणजे कधी, काकू?"

त्यांचा पदर हातातच राहिला.

"रिपोर्ट आला तेव्हा," त्या म्हणाल्या. "संक्रांतीचा दुसरा दिवस होता. वड्या थापत होते मी."

संक्रांतीच्या दुसऱ्या दिवशी काकू माझ्याशी फोनवर बोलल्या होत्या. सरांचं बोलणं झाल्यावर त्यांनी फोन घेतला होता. जेवलीस का, थंडी आहे का, आणि मग एकदम रडायलाच लागल्या. मी त्यांची समजूत घातली होती. म्हटलं होतं, काकू, सातच सामने राहिलेत, आलेच मी. मला वाटलं होतं, माझी आठवण येते म्हणून रडतायत.

तीन वर्षं आम्ही गच्चीवर समोरासमोर बसलो होतो.

"मी काय करणार होते गं," काकू म्हणाल्या. "त्यांच्या शब्दाबाहेर कशी जाणार?" त्यांनी माझं मनगट धरलं. त्यांचा हात गरम होता, बोटांच्या टोकांना पिवळा रंग चढलेला. सरांवर रागवायला मला चार दिवस लागले होते. काकूंवर कसं रागवायचं हे मला कुणी शिकवलेलं नाही. मला त्यासाठी अकराव्या वर्षापासून सगळं पुन्हा बघत यावं लागेल, प्रत्येक पोळी, प्रत्येक वेणी.

मैदानावर कुणीतरी खुर्च्या गोळा करायला लागलं होतं.

"जेवूनच जा आता," त्या म्हणाल्या. "पिठलं टाकते. दहा मिनिटांत होईल."

"गाडी आहे, काकू," मी म्हटलं आणि हात सोडवून घेतला.

गाडीला अजून दोन तास होते. काकूंना ते माहीत होतं.